वासाची वही

मला किळस फार लवकर येते. हा माझा दोष आहे असं आमचे हे तीस वर्षं सांगत आलेत, आणि हा माझा धंदा आहे असं मी त्यांना तीस वर्षं सांगत आलेय. लाँड्री चालवणाऱ्या बाईला नाक नसेल तर तिने खुशाल दुसरं काहीतरी करावं. गिऱ्हाईक काउंटरवर पिशवी उपडी करतं तेव्हा डाग दिसायच्या आधी मला घर कळतं. कुणाच्या भिंतीला ओल आहे, कुणाचं पोर अजून अंथरूण ओलं करतं, कोण सिगारेट सुटली म्हणून बायकोला थापा मारतो. मी बोलत नाही. दोन बोटांनी उचलते, नंबर टोचते, टोपलीत टाकते आणि हात धुते. गल्लीत मला पाठीमागे 'नाकवाली' म्हणतात. म्हणोत.

आमच्या घरामागे नाला आहे आणि नाल्यापलीकडे सरसाचा कारखाना. सुतार लाकूड चिकटवायला वापरतात तो सरस. हाडं आणि कातड्याचे तुकडे उकळून तो काढतात. ट्रकमधून हाडं येतात, ताडपत्रीखालून पाणी ठिबकत असतं, आणि ट्रक गेल्यावर त्या ओल्या रेघेवर माशांची रांग लागते. मोठमोठ्या कढयांत ते सगळं दिवसभर शिजतं. वास म्हणजे नाल्याच्या पाण्यात विसरून राहिलेलं फडकं, त्यात नासलेलं मांस, आणि गेले काही महिने वर काहीतरी गोडसर. ते गोडसर मला सगळ्यात सहन होत नसे. पडद्यात शिरलं की दोन धुण्यांत निघायचं नाही.

तीन वर्षांपूर्वी गल्लीने वरच्या कोर्टात याचिका टाकली, कारखाना इथून हलवा म्हणून. अर्जदार दोन. पहिली मी, कारण माझं घर नाल्याला सगळ्यात जवळ. दुसरे गल्लीचे अध्यक्ष. अध्यक्ष म्हणजे नऊ घरांच्या कमिटीचे, पण चालतात असे की मागून बँड येतोय. विमा कंपनीतून निवृत्त झालेत आणि त्यानंतर त्यांचं ऐकून घेणारं कुणी उरलं नाही, म्हणून ते आम्हाला ऐकवतात. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आम्ही चढलो आणि तीन वर्षं पायरीवरच बसून राहिलो.

गल्लीला मोकळी हवा हवी होती, विकायला काढलेल्या घरांना गिऱ्हाईक हवं होतं, अध्यक्षांना पेपरात फोटो हवा होता. मला एकच हवं होतं: आमच्या ह्यांनी जेवावं. चार-साडेचार महिने झाले, माणूस ताटावर बसायचा, दोन घास चिवडायचा आणि खिडकीकडे बघून म्हणायचा, "वास येतोय गं, नको." साखरेचा आजार बारा वर्षांचा. पूर्वी सायकलवरून गल्लोगल्ली इस्त्रीचे कपडे पोचवणारा हा गडी, आता शर्टाच्या कॉलरमध्ये मान हलताना दिसायची. सकाळची फेरी सोडली तर दुकानावरच्या खोलीत खुर्चीत बसून असायचे, गुडघ्यांवर चादर. डॉक्टरांकडे जाऊन आलो म्हणायचे, डॉक्टर म्हणाले हवा वाईट आहे. मी कारखान्याच्या धुराड्याकडे बघून दातओठ खायची. माझ्या नवऱ्याला ते कारखानेवाले उकळून खाताहेत, असं मला वाटायचं.

वहीचं आता सांगते, कारण सगळं त्या वहीवरून झालं. वर्षापूर्वी वकीलबाईंनी विचारलं, "काकू, पुरावा काय? वास येतो, वास येतो म्हणून कोर्टात भागत नाही." मग वही केली. नऊ घरं, प्रत्येकाकडे आठवडाभर वही. सकाळ, दुपार, संध्याकाळ बाहेर पडायचं, नाल्याच्या कठड्याशी उभं राहून वास घ्यायचा, शून्य ते पाच आकडा टाकायचा आणि सही करायची. कठड्यापर्यंत जायचं, हे वकीलबाईंनी तीनदा बजावलं होतं. मी एकदाही गेले नाही. काउंटर सोडून कठड्यावर कोण जाणार? मी वर जायची, ह्यांच्या खुर्चीमागच्या खिडकीत उभी राहायची आणि लिहायची. ज्या नाकाला पिशवी न उघडता घर कळतं त्याला कठडा कशाला हवा? आमच्या आठवड्यात पाच आणि पाचच असायचे.

त्या वहीची नक्कल आम्ही कोर्टात दिली. 'सर्व नोंदी खऱ्या आहेत' असं प्रतिज्ञापत्र मी आणि अध्यक्षांनी सह्या करून दिलं.

गुरुवारी वकीलबाईंनी आम्हा दोघांना ऑफिसात बोलावलं. जिन्याखालची खोली, फायलींच्या चवडींमधून वाट काढत जायचं, पंख्याखाली कागदांवर दगड ठेवलेले. त्यांनी कारखान्याचं उत्तर पुढे सरकवलं.

"वाचा," त्या म्हणाल्या. "तिसरं पान. दोन महिन्यांपूर्वी कारखान्याचा बॉयलर फुटला होता. अकरा दिवस कारखाना बंद. विजेचं बिल जोडलंय, बॉयलर तपासणाऱ्या सरकारी माणसाचा दाखला जोडलाय. त्या अकरा दिवसांत एक हाड आत आलं नाही की एक कढई तापली नाही."

"बरं मग?" अध्यक्ष म्हणाले.

"मग तुमच्या वहीत अकराही दिवस चार आणि पाच लिहिलंय."

मी वही ओढली. पहिले सात दिवस अध्यक्षांचे. एकवीस नोंदी, एकाच शाईत, एकाच बैठकीत, सरळ रांगेत चार, चार, चार. शेवटच्या सहीपर्यंत पेन एकदाही उचललेलं दिसत नव्हतं. दुसऱ्याची खोटी कामं माझ्या नाकाला आधी कळतात.

"हे तुम्ही आधीच लिहून ठेवलंत!" मी म्हटलं.

"वहिनी, मी मुलाकडे गेलो होतो आठवडाभर. वही रिकामी कशी ठेवणार? रोज येतोच ना वास? मग चार धरायला काय हरकत होती?"

"बापरे! विमा कंपनीत असंच मेलेल्यांना जिवंत धरायचात काय?"

वकीलबाईंनी हात वर केला. "भांडण नंतर. काकू, आठव्या दिवसापासून वही तुमच्याकडे. हे चार दिवस तुमचे. बारा नोंदी. सगळीकडे पाच."

"कारण पाच होता."

"कारखाना बंद होता."

"मग दाखला खोटा आहे. बिलही खोटं. मी वास घेऊन लिहिलंय. माझी एकही नोंद खोटी नाही, हे मी कुठेही शपथेवर सांगेन."

"ते तुम्ही सांगून बसलाय, काकू. हीच तर पंचाईत आहे." त्यांनी चष्मा काढला. "माझं ऐका. याचिका आपण मागे घेऊ. वरचं कोर्ट कागदावर चालतं. न्यायमूर्ती काही नाल्यावर वास घ्यायला येणार नाहीत. आणि आता ही वही त्यांच्यापुढे राहिली तर याचिका फेटाळतील, वर खोट्या प्रतिज्ञापत्राबद्दल ताशेरे. त्यापेक्षा प्रदूषण मंडळाकडे जाऊ. त्यांचे अधिकारी येतात, यंत्राने हवा मोजतात. तिथे वही लागत नाही. फक्त एक गोष्ट: मागे घेताना हुकुमात लिहून घ्यायचं की दुसरीकडे दाद मागायची मुभा आहे. ते लिहिलेलं नसेल तर मंडळापुढे कारखानेवाले म्हणतील, तुम्ही हा विषय सोडून दिला होतात. दुकान बंद करतोय, पण किल्ली आपल्याच हातात, असं समजा."

"म्हणजे आपली चालच आहे ही," अध्यक्ष लगेच खुलले. "मी गल्लीत तसंच सांगतो. दोन पावलं मागे, चार पुढे."

त्या माणसाची लाज धुवायला टाकली असती तर पहिल्याच पाण्यात सगळा रंग गेला असता. मी एकटीच घरी आले. सोमवारची तारीख होती.

रागाने माझं डोकं गरम झालं होतं. अध्यक्षांचे सात दिवस खोटे, ठीक. पण माझे चार? मी स्वतः घेतलेला वास खोटा कसा? शुक्रवारी दुपारी बॉयलरचा मिस्त्री त्याचे कामावरचे डांगरीचे कपडे घेऊन आला. हा मनुष्य त्याच कारखान्यात काम करतो. त्याचे कपडे मी घेते, पण वेगळ्या टोपलीत, वेगळ्या पाण्यात, आणि वेगळ्या तोंडाने.

"काय रे, दोन महिन्यांपूर्वी तुमचा कारखाना बंद होता म्हणे?"

"हो मावशी. नळ्या गेल्या होत्या बॉयलरच्या. अकरा दिवस मी त्याच्या पोटात झोपून होतो. सगळी पोरं सुट्टीवर. इतकी स्वच्छ हवा होती की आमच्या वॉचमनने तिथे डबा खाल्ला. तीन वर्षांत पहिल्यांदा." तो हसला. "तुम्हाला नाही कळलं? तुम्ही तर नाकवाल्या... म्हणजे, सॉरी."

त्याने पिशवी उपडी केली. कालचीच डांगरी होती, कढयांपाशी काम केलेली. मी ती उचलली, आणि काय वाटलं कोण जाणे, दोन बोटांनी नाही, दोन्ही हातांनी नाकाशी नेली. मिस्त्री बघतच राहिला. त्यात धूर होता, चरबी होती, नासलेलं मांस होतं, ओकारी येईल असं सगळं होतं. गोडसर मात्र काही नव्हतं.

मी परत हुंगली. बाही हुंगली, खिसे हुंगले. गोड नव्हतंच.

मिस्त्रीला नंबर न देता मी जिना चढले. खोलीच्या मधोमध उभी राहिले आणि डोळे मिटले. खिडकीकडून येत होता तो डांगरीचा वास, हलका, वाऱ्यावर. दुसरा खोलीतच होता. पडद्याजवळ थोडा, गादीजवळ कमी. खुर्चीजवळ गेले आणि तो माझ्या तोंडावर आला.

हे जागे होते. माझ्याकडे बघत होते.

"अहो, पाय दाखवा."

"कसला पाय?"

"दोन्ही दाखवा."

"अगं, कारखान्याचा वास आहे तो."

"कारखान्याला गोड वास नसतो."

त्यांनी चादर धरून ठेवली. मी ओढली. उजव्या पायात दोन मोजे, एकावर एक. त्याखाली प्लॅस्टिकची पिशवी, घोट्याशी रबराने बांधलेली. आत पावडर भरलेली पट्टी, पिवळी, हिरवी, ओली. ती सोडवली तेव्हा अंगठा दिसला, काळा, लाकडासारखा. तळव्याला भोक होतं, माझ्या बोटाचं पेर आत जाईल एवढं. मी ओकले. लपवत नाही. तीस वर्षांच्या नवऱ्याचा पाय बघून बेसिनपर्यंतही पोचले नाही.

"बघ," हे म्हणाले. "म्हणूनच दाखवत नव्हतो."

"दुखत नाही?"

"काहीच कळत नाही. साखरेने पाय केव्हाच मेलाय. आधी फोड होता एवढासा. म्हटलं बरा होईल. सकाळी फिरायला जातो म्हणायचो ना, तेव्हा औषधाच्या दुकानातून पट्टी आणायचो आणि जुनी नाल्यात टाकायचो."

"आणि डॉक्टर?"

"नाही गेलो."

"मला का नाही सांगितलंत?"

त्यांनी चादर परत गुडघ्यांवर ओढली. "तू गिऱ्हाइकाचा रुमाल दोन बोटांनी उचलतेस गं. रात्री खाली कपड्यांमध्ये झोपायला लागलीस, वर वास येतो म्हणून. मी म्हटलं, सगळं कारखान्याच्या नावावर जातंय तर जाऊ दे. तुम्ही केस जिंकलात की वास जाईल, असं पण वाटायचं कधीकधी. माणसाला काहीही वाटतं."

मला त्या क्षणी कुणाची किळस आली असेल तर माझ्या नाकाची. पाच, पाच, पाच लिहिताना मी त्या खुर्चीच्या पाठीला हात टेकून उभी असायची.

संध्याकाळपर्यंत इस्पितळात दाखल केलं. सर्जन तरुण होता आणि हातचं राखून बोलणारा नव्हता. "हा पाय चार महिने कुजतोय. ताप त्यामुळे, भूक मेली ती त्यामुळे. सकाळी कापतो. कुठपर्यंत, ते आत गेल्यावर कळेल. महिन्याभरात आणलं असतंत तर एका बोटावर भागलं असतं." मग त्याने विचारलं, "घरात कुणालाच वास आला नाही?"

"आला," मी म्हटलं. "लिहूनही ठेवला."

त्याला काही कळलं नाही.

शनिवारी सकाळी पाऊल अर्धं कापलं. टाच राहिली. रविवारी दुपारी अध्यक्ष भेटायला आले. हातात संत्री, चेहऱ्यावर दुःख, इस्त्री करून आणल्यासारखं. पलंगाजवळ दोन मिनिटं थांबले आणि रुमाल नाकाला लावून मला बाहेर व्हरांड्यात घेऊन गेले.

"वहिनी, वाईट झालं. फार वाईट. पण बघा, यातून एक मार्ग निघतो." ते जवळ सरकले. "उद्या कोर्टात सांगायचं, की त्या अकरा दिवसांत गल्लीत जो वास होता तो दादांच्या पायाचा. अजाणतेपणी झालं. माझ्या घरापर्यंत यायचा असं मीही सांगतो. म्हणजे तुमचे चार दिवस खरे आणि माझे सातही खरे. कुणीच खोटं नाही. मुभा सहज मिळेल."

"तुमचं घर आमच्यापासून चौथं आहे."

"वारा असतो, वहिनी."

"आणि तुम्ही त्या आठवड्यात मुलाकडे होतात."

"ते कुणाला ठाऊक आहे?"

वर्षानुवर्षं लोकांचे मळके कपडे हाताळले, त्यात काय काय निघालं ते सांगत नाही. पण एवढं घाण काही माझ्या काउंटरवर कधी आलं नव्हतं. माझ्या नवऱ्याच्या सडक्या अंगठ्याने हा आपल्या एकवीस खोट्या सह्या पुसायला निघाला होता. आणि खरं सांगायचं तर क्षणभर मला ते पटलंही. पटलं याचीसुद्धा किळस आली. सगळेच सुटत होते. आमच्या ह्यांना फक्त अजून एकदा वापरायचं होतं, जसं मी चार महिने वापरलं.

"संत्री घेऊन जा," मी म्हटलं.

सोमवारी सकाळी कोर्टाबाहेर वकीलबाईंना सगळं सांगितलं. त्यांनी हातातली फाईल मिटली. मग म्हणाल्या, "खरं सांगितलंत तरच मुभा मागायला मला तोंड आहे. पण काकू, चारचौघांत घरचं उघडं पडेल. सवय आहे का?"

"मी चारचौघांचं उघडते रोज."

आमचा पुकारा झाला. वकीलबाईंनी उभं राहून याचिका मागे घ्यायची परवानगी मागितली, मंडळाकडे दाद मागायची मुभा ठेवून. कारखान्याचे वकील लगेच उठले. गोरेगोमटे, अत्तर लावलेले. त्यांचं अत्तरही मला शिळं लागलं. "साहेब, मागे घेऊ द्यात, माझी ना नाही. पण मुभा कसली? लबाडी पकडली गेली म्हणून हे इथून पळताहेत आणि उद्या तीच वही घेऊन तिकडे जातील. कारखाना बंद असताना ज्यांना पाचपैकी पाच वास येतो, त्यांना आपण मुभा द्यायची?"

कोर्टात हशा पिकला. न्यायमूर्तींनी वहीची नक्कल उलटली. "पहिल्या अर्जदार हजर आहेत?"

मी उभी राहिले. अध्यक्षांनी मागून पदर ओढावा तशी हळूच कुजबूज केली, "वारा, वहिनी, वारा सांगा."

"बाई, हे शेवटचे चार दिवस तुमच्या सहीचे. कारखाना बंद होता हे मान्य?"

"मान्य आहे. मी चौकशी केली. बंदच होता."

"मग वास कसला लिहिलात?"

"माझ्या घरातला. माझ्या नवऱ्याचा पाय सडत होता. मी कठड्यावर जायचं सोडून त्यांच्या खुर्चीमागे उभी राहून वास घेत होते. वास खरा होता. कुठून येतोय ते मी बघितलं नाही."

कुणी हसलं नाही. अत्तरवाले वकील खाली बसले.

"आणि आधीचे सात दिवस? तोच वास?"

मी एकदा मागे बघितलं. अध्यक्षांची मान आशेने पुढे आली होती.

"नाही साहेब. पाय चार घरं जात नाही. ते सात दिवस ज्यांनी लिहिले त्यांनाच विचारा."

विचारलं. अध्यक्ष उभे राहिले, घसा साफ केला, विमा कंपनीतल्या चाळीस वर्षांच्या निष्कलंक सेवेपासून सुरुवात केली, आणि न्यायमूर्तींनी दुसऱ्या वाक्याला विचारलं, "गावात होतात का?" त्यावर ते जे गप्प बसले, तसे मी त्यांना कधी बघितलं नव्हतं.

हुकूम तिथेच सांगितला गेला. याचिका मागे घेतली म्हणून निकाली. पहिल्या अर्जदाराला मंडळाकडे दाद मागायची मुभा, मात्र या वहीचा आधार कुठेही घ्यायचा नाही. दुसऱ्या अर्जदाराला मुभा नाही. त्यांनी खोट्या प्रतिज्ञापत्राबद्दल कारवाई का करू नये याचं उत्तर चार आठवड्यांत द्यावं.

बाहेर जिन्यावर अध्यक्षांनी मला गाठलं. तोंड लालबुंद. "गल्लीचं नाक कापलंत तुम्ही! काखेत कळसा आणि गावाला वळसा, आणि वर आम्हाला आरोपी केलंत. नवऱ्याचा पाय दिसला नाही ती बाई हवा शुद्ध करायला निघाली होती!"

पहिल्यांदाच हा मनुष्य खरं बोलला होता. मी जिना उतरले आणि इस्पितळाकडे निघाले.

इस्पितळात पोचले तेव्हा हे उशीला टेकून बसले होते. समोर रिकामी बशी, अंड्याची टरफलं. "दोन खाल्ली," त्यांनी सांगितलं. "अजून मागवू का?" चार महिने मी ज्या वाक्यासाठी कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या ते वाक्य हे होतं, आणि ते ऐकताना मला त्यांच्या तोंडाकडे बघवेना. खिडकीतून इथेही नाल्याकडचा वारा येत होता. वास होताच, खरा, कारखान्याचा. गल्ली अजून त्यातच श्वास घेत होती.

"केस?"

"मागे घेतली. आता मंडळाकडे जायचं. मी एकटीच."

"एकटी का? मी आहे की. बसून काय करायचंय मला, सह्या करीन."

वकीलबाईंनी मंडळाचा फॉर्म दिला होता. मी तो मांडीवर घेतला. नाव, पत्ता, कारखान्यापासून अंतर. पाचव्या रकान्यात विचारलं होतं: त्रास कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत प्रत्यक्ष अनुभवला. पेन तिथे अडलं. वास तीन वर्षांचा होता. पण त्यातला कारखान्याचा कुठपर्यंत निखळ आणि त्यांच्या पायाचा कुठून मिसळला, हे मला ठरवता येईना. पुन्हा खोटी सही करायची माझी तयारी नव्हती.

"अहो, तो फोड नक्की कधी आला होता? तारीख आठवते?"

"तारीख कशी आठवेल." त्यांनी बोटांवर काहीतरी मोजलं. "थांब, आठवते. तू मला म्हणालीस ना, आता दुकानात खाली येऊन बसू नका, तुमच्या अंगाला कारखान्याचा वास लागलाय, गिऱ्हाईकं नाक मुरडतात? त्याच्या आठ दिवस आधी."

मला तो दिवस आठवत नव्हता. तसं काही बोलल्याचंही आठवत नव्हतं. माझ्यासाठी ते रोजच्यातलंच एक बोलणं असणार. त्यांना मात्र तारखेसारखं लक्षात राहिलं होतं.

"तेव्हा मी ठरवलं," ते अगदी सहज म्हणाले, "की आपण वरच बरे."

हे दुकानात यायचे बंद झाले तो महिना मला ठाऊक होता; 'पर्यंत'पुढे मी त्याच्या आधीच्या महिन्याची अखेर लिहिली. त्यापुढचे चार-साडेचार महिने तक्रारीतून सोडून दिले. त्यावर माझा कारखान्याविरुद्ध काही हक्क नव्हता. सही केली.

सिस्टर ड्रेसिंगची गाडी ढकलत आली. ट्रेमध्ये चिमटे, कापूस, कातरी. "काकू, बाहेर थांबता का? पट्टी सोडली की वास येतो, घरच्यांना सहन होत नाही."

"मलाही होत नाही," मी म्हटलं, आणि खुर्ची पलंगाच्या पायथ्याशी ओढून घेतली.